सुबुताईवरची ऑडिओ मालिका: काही महिने ऐकल्यानंतर

पैसे वसूल झाले, पण नकाशा शेजारी घेतल्यावरच. चंगीझखानाच्या या सेनापतीची कारकीर्द चीनमधल्या कायफेंगपासून हंगेरीपर्यंत पसरलेली. नुसत्या कानांना ती झेपत नाही आणि मालिकेसोबत एकही नकाशा नाही. टॅबवर नकाशा उघडून ऐकायला लागलो तेव्हा कुठे १२२० ते १२२३ ची दौड उलगडली. मध्य आशियातल्या ख्वारझम साम्राज्याचा शहा कॅस्पियन समुद्रातल्या बेटावर मेला, तरी त्याच्या पाठलागावर असलेले सुबुताई आणि दुसरा मंगोल सेनापती जेबे मागे फिरले नाहीत. जॉर्जिया, मग कॉकेशस, आणि शेवटी काल्का नदी. तिथे माघारीची हूल देत रशियन राजपुत्रांना लांब ओढत नेलं आणि मग उलटून मारलं.

पुन्हा पुन्हा ऐकलेला भाग हंगेरीतल्या मोहीच्या लढाईचा, ११ एप्रिल १२४१. चंगीझखानाचा नातू बातूखान सायो नदीच्या पुलावर दगडफेकी यंत्रं लावून झुंजतोय, सुबुताई खालच्या अंगाला वेगळा पूल बांधतोय. त्याला उशीर झाला, बातूची माणसं हकनाक मेली, बातू संतापला. निवेदक हे झाकत नाही. नंतर वेढ्यात मुद्दाम सोडलेली फट, आणि तिच्यातून पळणाऱ्या हंगेरियनांची कत्तल. दोनच दिवस आधी पोलंडात लेग्नित्साला दुसऱ्या मंगोल फौजेने तिथल्या राजपुत्राला लोळवलं होतं, त्यामुळे हंगेरीचा राजा बेला याला तिकडून मदत येणं शक्यच नव्हतं. माणूस मोठा होता तो इथे, अंतर आणि वेळ जुळवण्यात. तलवारबाजीची वर्णनं मी हल्ली सरळ गाळून पुढे जातो.

खटकलेल्या गोष्टी आहेतच. "३२ देश, ६५ लढाया" हा आकडा दर थोड्या वेळाने येतो, कुठून आला ते सांगत नाहीत. मंगोलांनी जिंकलेल्या र्याझान आणि कीव्ह या शहरांमध्ये मेलेल्या सामान्य लोकांना मोजून एकेक वाक्य. उत्तर चीनमधल्या जिन राजवटीविरुद्धचा लढाही उरकून टाकलाय.

वारशाचा भाग तर फारच उथळ. सुबुताई १२४८ मध्ये वारला आणि निवेदक थेट विसाव्या शतकातल्या रणगाड्यांवर पोहोचतो! मुलगा उरियांगखदाई नैऋत्य चीनमधलं दाली राज्य जिंकून व्हिएतनामपर्यंत गेला, नातू आजू चीनमधल्या शियांगयांग शहराच्या प्रदीर्घ वेढ्यात होता. या दोघांवर एक अख्खा भाग हवा होता.

निवेदकाचा आवाज उत्तम, इंग्रजी सोपं. वेग मात्र वाढवू नका, नावं निसटतात.

पाचपैकी साडेतीन.