गाडी विकली, पण आरसीवर नाव माझेच राहिले

जून २०२३ मध्ये मी माझी २०१५ सालची गाडी पुण्यातील जुन्या गाड्यांच्या एका व्यापाऱ्याला ३,८५,००० रुपयांना विकली. त्यापैकी ३,५०,००० रुपये त्याने खात्यावर जमा केले आणि उरलेले ३५,००० रुपये ‘आठ दिवसांत आरसी ट्रान्सफर झाली की देतो’ असे सांगून स्वतःकडे ठेवले. ते आजतागायत मिळालेले नाहीत, पण आता प्रश्न तेवढ्याचा उरलेला नाही. तीच गाडी, अजूनही माझ्याच नावावर असलेली, एका दुचाकीवर आदळली आणि जखमी माणसाने मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात ९,००,००० रुपयांच्या भरपाईसाठी चालकासोबत मलाही प्रतिवादी केले. विम्याची मुदत त्याआधीच संपली होती आणि गाडी वापरणाऱ्याने नवा विमा उतरवलाच नव्हता.

खरे तर सगळे व्यवहाराच्या वेळी व्यापाऱ्याच्या टेबलावरच उघड व्हायला हवे होते. गाडी विकल्याची सूचना देणाऱ्या फॉर्म २९ च्या दोन प्रती आणि मालकाचे नाव बदलण्याच्या अर्जाचा फॉर्म ३० माझ्यापुढे ठेवले गेले, सह्यांच्या जागी पेन्सिलीने फुल्या मारलेल्या होत्या आणि खरेदीदाराच्या नावाचा रकाना कोरा होता. मी विचारले, तेव्हा ‘गिऱ्हाईक ठरले की नाव टाकू’ असे उत्तर मिळाले. गिऱ्हाईकच ठरले नव्हते, तर आठ दिवसांत ट्रान्सफर तो कोणाच्या नावावर करणार होता? पण त्याने तशाच सह्या केलेल्या फायलींचा गठ्ठा दाखवला, ५०० रुपयांच्या स्टॅम्प पेपरवर ‘यापुढील सर्व जबाबदारी घेणाऱ्याची’ असे लिहून दिले आणि गाडी ताब्यात घेतल्याची वेळसुद्धा, दुपारी ४.१०, नोंदवली. एवढे कागद हातात असताना कोणीही विश्वास ठेवला असता.

तो स्टॅम्प पेपर न्यायाधिकरणापुढे माझा बचाव करू शकत नाही, हे वकिलांकडून कळले. मोटार वाहन कायद्याच्या कलम २(३०) नुसार ज्याच्या नावावर नोंदणी, तोच मालक. नवीनकुमार विरुद्ध विजयकुमार या खटल्यात गाडी एकामागून एक अनेकांच्या हाती गेली होती, तरीही सर्वोच्च न्यायालयाने ६ फेब्रुवारी २०१८ रोजी भरपाईची जबाबदारी नोंदणीकृत मालकावरच टाकली. म्हणून कोऱ्या फॉर्मवर सही करू नका, मग समोरचा कितीही ओळखीचा असो.

सर्वांत जास्त संताप येतो तो कार्यालयांचा. ७,५०० रुपयांची ई-चलने माझ्या मोबाईलवर आली, तेव्हा वाहतूक शाखेने ‘नाव तुमचे, तुम्हीच भरा’ असे सांगितले. परिवहन कार्यालयाने ‘फॉर्म ३० वर खरेदीदाराची सही लागते, त्याला घेऊन या’ असे ऐकवले. जो माणूस मला माहीतच नाही, त्याला मी कुठून आणणार? कलम ५० नुसार राज्यातल्या राज्यात विक्री झाली, तर विकणाऱ्याने १४ दिवसांत कळवायचे असते. कायदा हे कर्तव्य माझ्यावर टाकतो, मग माझी सूचना नोंदवून घेण्याचे कर्तव्य त्यांच्यावर नाही का? बरीच हुज्जत घातल्यावर अर्जावर आवक शिक्का मिळाला, पण नोंदीत काहीही बदलले नाही. पोलीस ठाण्यात ‘हा दिवाणी मामला आहे’ या एका वाक्यावर बोळवण झाली. माझ्या सह्या घेऊन गाडी परस्पर तिसऱ्याला देणे आणि माझे पैसे दाबून ठेवणे हा गुन्हा नसेल, तर गुन्हा कशाला म्हणायचे? ठाण्यात तक्रार घेत नसतील, तर ती लेखी स्वरूपात वरिष्ठांकडे पाठवा आणि पोच जपून ठेवा, कारण त्यानंतरच दंडाधिकाऱ्यांकडे दाद मागता येते.

१ एप्रिल २०२३ पासून जुन्या गाड्यांच्या व्यापाऱ्यांना परिवहन विभागाचे अधिकारपत्र घ्यावे लागते, आणि असा व्यापारी गाडी ताब्यात घेताना फॉर्म २९ सी, म्हणजे गाडी त्याच्या ताब्यात दिल्याची सूचना, ऑनलाइन भरला गेला, की पुढची विक्री होईपर्यंत मालक म्हणून तोच धरला जातो. माझा व्यवहार या तारखेनंतरचा आहे, तरीही मला याची कल्पना कोणीही दिली नाही. अधिकारपत्र पाहिल्याशिवाय किल्ली देऊ नका, आणि नाव बदलल्याचे ‘वाहन’ या सरकारी नोंदणी पोर्टलवर स्वतःच्या डोळ्यांनी पाहा.

व्यापाऱ्याला आणि सध्याच्या ताबेदाराला दाव्यात सामील करण्याचा अर्ज आम्ही दिला आहे. व्यापाऱ्याचा फोन बंद आहे आणि त्याच्या जागेवर आता दुसऱ्याच नावाची पाटी लागली आहे.