मोफत माती तपासणी आणि काळे ‘गांडूळ खत’

लातूरला औसा रस्त्याच्या बाजूला माझ्या थोरल्या बहिणीचे नवे घर आहे. घराभोवती बारमाही हिरवी सावली असावी, म्हणून दाजींनी बकुळ, जांभूळ, करंज आणि आंबा अशी सदाहरित झाडे लावायचे ठरवले होते. २०१६ साली मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागलेल्या या शहरात झाड लावताना माणूस पाण्याचा आणि मातीचा विचार आधी करतो, आणि नेमक्या याच काळजीचा फायदा घेणारा एक ‘लागवड पॅकेज’वाला एप्रिलमध्ये दारात आला. माती तपासणी मोफत, खड्डे, माती, खत आणि रोपे मिळून ३२ हजार रुपये, असा त्याचा हिशेब होता.

त्याची तपासणी दोन मिनिटांत झाली. त्याने पिशवीतून दांडीचे मीटर काढले, कोरड्या ठणठणीत जमिनीत खुपसले आणि काटा दाखवत सांगितले, “काका, तुमची माती पार आंबट झाली बघा, आमचं खत अन् चुना टाकल्याबिगर झाड धरणार नाही.” मराठवाड्याची काळी माती बेसाल्ट खडकापासून झालेली आहे, तिचा सामू (पीएच) सामान्यतः साडेसात ते साडेआठच्या आसपास असतो, म्हणजे ती आम्ल नसून विम्लतेकडे (अल्कलीकडे) झुकलेली असते, आणि पुष्कळ ठिकाणी तिच्यात चुनखडीही असते. अशा जमिनीला चुना सुचवणे म्हणजे तहानलेल्याला मीठ देण्यासारखे आहे. शिवाय कोरड्या मातीत अशा मीटरचा आकडा विश्वासाचा नसतो. पण काटा हलला की ऐकणाऱ्याला वाटते, यंत्र काही खोटे बोलत नाही.

खड्डे त्याने पिळाच्या यंत्राने (ऑगरने) पाडले. भारी काळ्या मातीत या यंत्राने खड्ड्याच्या भिंती घोटल्यासारख्या गुळगुळीत होतात. त्यात बाहेरून आणलेले भुसभुशीत मिश्रण भरले, की आजूबाजूच्या चिकणमातीत पाणी मुरायला वाटच उरत नाही. मृगाच्या पहिल्या मोठ्या पावसानंतर खड्ड्यांत पाणी साचून राहिले, मुळांना हवा मिळेना, आणि करंजासारखे चिवट झाडसुद्धा मान टाकू लागले. थोड्याच दिवसांत बकुळीची कोवळी पाने पिवळी पडली. शिरा तेवढ्या हिरव्या आणि मधला भाग फिकट. सामू चढला आणि चुनखडी वाढली, की मातीत लोह असूनही ते मुळांना घेता येत नाही. त्याची ही ठळक खूण आहे.

त्या वेळी मी उरलेल्या पिशव्यांतले खत हातात घेऊन पाहिले. पिशवीवर उत्पादकाचे नाव नव्हते, बॅच क्रमांक नव्हता, वजनसुद्धा छापलेले नव्हते. चिमूटभर खत बोटांत चोळले, तर काजळासारखा काळा डाग उरला आणि ओल्या मातीचा वास अजिबात आला नाही. काचेच्या बरणीत पाणी घेऊन मूठभर टाकले, तेव्हा कोळशाचे चमकदार बारीक कण वर तरंगले आणि तळाशी करकरीत चुरा बसला. चांगले गांडूळ खत चहाच्या भुकटीसारखे दाणेदार असते आणि त्याला पावसाळी रानाचा वास येतो. आमच्या हाती आलेला माल साखर कारखान्याच्या बॉयलरची राख आणि थोडी न कुजलेली मळी (उसाचा रस गाळल्यावर उरणारा गाळ) यांचे मिश्रण होता. ही राख विम्ल असल्याने तिने आधीच्या दोषात भरच घातली. प्रयोगशाळेच्या अहवालात या मिश्रणाचा सामू ८.९ आला.

‘दोन ब्रास लाल माती’ म्हणून आलेल्या ट्रॉलीचे मापही असेच होते. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट. ट्रॉलीची लांबी, रुंदी आणि भरावाची उंची फुटांत मोजून गुणाकार करायला टेप पुरते. दाजींनी नंतर त्या आकाराची ट्रॉली मोजली, तेव्हा ती जेमतेम १.२ ब्रासची निघाली.

असा पॅकेजवाला तुमच्या दारात आला, तर आधी आपल्या आवारातली माती स्वतः प्रयोगशाळेत पाठवावी. झाडांसाठी ३०, ६० आणि ९० सेंटिमीटर खोलीपर्यंतच्या थरांचे नमुने वेगवेगळे घ्यावेत, खताच्या ढिगाजवळची माती टाळावी, आणि प्रत्येक नमुना अर्धा किलो ठेवावा. अशा काळ्या जमिनीत चुना घालूच नये. जिप्समसुद्धा अहवालात चोपणपणा (मातीत सोडियम जास्त असणे) दिसला तरच घालावे. आंब्यासारख्या झाडासाठी खड्डा उन्हाळ्यात मीटरभर लांब, रुंद आणि खोल घेऊन उन्हात तापू द्यावा, भिंती कुदळीने खरबरीत कराव्यात, आणि भरताना त्याच जागेची वरची माती मुख्य ठेवून तिच्यात चांगले कुजलेले शेणखत मिसळावे. भारी जमिनीत रोपाचा बुंधा आजूबाजूपेक्षा थोडा उंच राहील अशी लागवड करावी, म्हणजे पाणी बुंध्याशी थांबत नाही. माल उतरवण्यापूर्वी पिशवी फोडून वास घेणे आणि पक्के बिल मागणे, ही दोन कामे मात्र दुसऱ्यावर सोपवू नयेत.

दाजींजवळ नुसती कच्ची पावती होती, तरीही तिच्यावर त्या माणसाचे अक्षर आणि रक्कम होती, म्हणून उपयोग झाला. खत नियंत्रण आदेश १९८५ नुसार पिशवीवर आवश्यक तपशील छापणे बंधनकारक असल्याने आम्ही कोऱ्या पिशव्यांचे फोटो आणि प्रयोगशाळेचा अहवाल जोडून पंचायत समितीच्या कृषी अधिकाऱ्यांकडे अर्ज दिला आणि राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ क्रमांकावरही नोंद केली. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ खाली जिल्हा आयोगात ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराच्या तक्रारीला शुल्क लागत नाही, हे त्या पॅकेजवाल्याला फोनवर सांगितले, तेव्हा त्याचा सूर बदलला आणि त्याने निम्मी रक्कम परत केली. उरलेल्या रकमेसाठी तक्रारीचा मसुदा तयार आहे. राखेच्या पिशव्या पुरावा म्हणून आम्ही अजून ठेवल्या आहेत.