'अमेडिअस' की 'इम्मॉर्टल बिलव्हेड' : आधी कोणता पाहावा?

पाश्चात्त्य अभिजात संगीत फारसं ऐकलेलं नाही, पण संगीतकाराच्या आयुष्यावरच्या एखाद्या चित्रपटापासून सुरुवात करायची आहे, तर मोझार्टवरचा 'अमेडिअस' (१९८४) आणि बीथोव्हेनवरचा 'इम्मॉर्टल बिलव्हेड' (१९९४) ही दोन नावं हमखास पुढे येतात. माझं मत आधीच सांगते: पहिला 'अमेडिअस'च.

कारण त्याचा लेखक पीटर शॅफर. संगीत समीक्षा केलेला हा नाटककार. १९७९ च्या स्वतःच्याच नाटकावरून त्याने पटकथा लिहिली आणि तिला ऑस्कर मिळालं. गोष्ट सांगतो व्हिएन्नाच्या दरबारातला संगीतकार सालिएरी. म्हातारपणी, वेड्यांच्या इस्पितळात, एका पाद्र्यापुढे. शॅफरच्या या सालिएरीची प्रतिभा बेताची, पण कान तयार. मोझार्टने लिहिलेली स्वरलिपी तो नुसती वाचतो आणि आपल्याला संगीत ऐकू येतं. मरणपंथाला लागलेला मोझार्ट 'रेक्विएम' (मृतांसाठीच्या प्रार्थनेची संगीतरचना) सांगतो आणि सालिएरी लिहून घेतो, तिथे तर आधी गायकांचे आवाज, मग वाद्यं असे एकेक थर वेगळे कानावर पडतात आणि शेवटी सगळे एकत्र. ज्याला यातलं काहीच कळत नाही, त्यालाही या काही मिनिटांत कसं ऐकायचं ते उमगतं.

हा प्रसंग प्रत्यक्षात घडलेला नाही. 'रेक्विएम'चं ते काम मोझार्टच्या मागे त्याचा शिष्य ज्यूसमायर याने पुरं केलं. सालिएरीने मोझार्टला विष दिल्याची वदंताही जुनीच. १८३० मध्ये रशियन कवी पुश्किनने तिच्यावर नाटक लिहिलं होतं. खरा सालिएरी तर पुढे मोझार्टच्या मुलाचा गुरू झाला.

'इम्मॉर्टल बिलव्हेड' लिहिला आणि दिग्दर्शित केला बर्नार्ड रोझने. बीथोव्हेनच्या १८१२ च्या प्रेमपत्रातली ती अनामिक स्त्री कोण, याचा शोध त्याचा सहायक शिंडलर घेतो. उत्तर निघतं योहाना, बीथोव्हेनची भावजय! पुतण्याच्या ताब्यासाठी जिच्याशी तो वर्षानुवर्षं कोर्टात भांडला, तीच. अभ्यासक हे मानत नाहीत, मलाही ते पटत नाही. शिवाय खऱ्या शिंडलरने बीथोव्हेनच्या संभाषण-वह्यांत (बहिऱ्या बीथोव्हेनशी लोक ज्यांत लिहून बोलत) मागाहून खोट्या नोंदी घुसवल्या होत्या. इथे तो सत्यशोधक! शॅफरची कल्पना मोझार्टच्या संगीतापाशी नेते, रोझची कल्पना संगीताला रहस्याचा पुरावा म्हणून वापरते.

तरीही बीथोव्हेनची नववी सिंफनी (वाद्यवृंदासाठीची दीर्घ रचना) सुरू असताना बापाच्या माराला भिऊन रात्री पळालेला लहानगा बीथोव्हेन तळ्यात तरंगतो, भोवती चांदणं, तो प्रसंग चुकवू नका. गॅरी ओल्डमनचा बहिरा, चिडका बीथोव्हेनही जिवंत आहे. बीथोव्हेन आधीपासून ऐकत असाल, तर हा आधी पाहिलात तरी चालेल.

'अमेडिअस' निवडलात तर २००२ ची तीन तासांची आवृत्ती नको. तिच्यातल्या वाढीव प्रसंगात सालिएरी मोझार्टची बायको कॉन्स्टान्झे हिचा फार क्रूर अपमान करतो आणि त्याच्याविषयी वाटणारी कणव आटते. १९८४ ची, सुमारे १६० मिनिटांचीच शोधा.