जिन्याचे कुलूप आणि पोलीस संरक्षणाचा अर्ज : सिव्हिल लाइन्समधील एका वकिलांच्या सेवेबद्दल

नागपूरच्या महाल भागातील आमच्या वडिलोपार्जित घरात तळमजल्यावर काकांचे कुटुंब राहते आणि वरच्या मजल्यावर मी व माझी ८२ वर्षांची आई. जिना एकच आहे आणि चुलतभावांनी त्याच्याच दाराला कुलूप घातले. पोलीस ठाण्यात अदखलपात्र नोंद झाली आणि हा दिवाणी वाद आहे, कोर्टाचा आदेश आणा, असे उत्तर मिळाले. त्यानंतर सिव्हिल लाइन्समधील ज्या वकिलांकडे मी गेले, त्यांचे नाव येथे देत नाही, कारण पुढे एक तक्रारही नोंदवायची आहे.

पहिल्याच भेटीत मी पोलीस संरक्षण मागितले आणि त्यांनी तो अर्ज करण्यास नकार दिला. पोलिसांनी नेमके कशाचे रक्षण करायचे हे ठरवणारा न्यायालयाचा आदेशच हाती नसेल, तर ठाणेदार तरी काय करणार, असे त्यांचे म्हणणे होते. म्हणून आधी दावा आणि त्यासोबत दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम १ व २ खालील तात्पुरत्या मनाई हुकुमाचा अर्ज, ज्याला कोर्टात सगळे ‘निशाणी ५’ म्हणतात, असा क्रम त्यांनी आखला. मालकीच्या कागदांपेक्षा ताब्याचे कागद त्यांनी अधिक बारकाईने तपासले: वीजबिले, महापालिकेच्या कराच्या पावत्या, आईचे रेशनकार्ड. तेव्हा मला हा वेळकाढूपणा वाटला होता.

हुकूम मिळाला, कुलूप निघाले आणि पंधरा दिवसांत पुन्हा लागले. आता मात्र त्यांनी त्याच संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस मदतीचा अर्ज आणि हुकूमभंगाबद्दल आदेश ३९ च्याच नियम २अ खालील स्वतंत्र अर्ज एकाच दिवशी दाखल केले. दुसऱ्या अर्जात मालमत्तेची जप्ती किंवा ३ महिन्यांपर्यंत दिवाणी कैद होऊ शकते. त्यांचे खरे कसब मसुद्यात दिसले. नुसते ‘संरक्षण द्यावे’ असे न लिहिता त्यांनी पोलीस ठाण्याचे नाव घालून कुलूप काढणे, जिना मोकळा करून देणे आणि पंचनामा करणे अशी प्रत्येक कृती मागितली, आणि आदेशातही ते शब्द उतरले. नक्कल घेऊन ठाण्यात गेलो तेव्हा ठाणेदारांनी दुसरा प्रश्न विचारला नाही. दोन शिपाई आणि एक महिला पोलीस आले, अर्ध्या तासात दार उघडले.

तक्रार पैशांची आहे. बंदोबस्ताचे शुल्क अर्जदाराने भरायचे, ही आदेशातील अट मला ठाण्यात गेल्यावर कळली. फी ठरवताना तिचा उल्लेखही झाला नव्हता. शिवाय विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असले तरी, मोफत वकील मिळू शकतो, हे मला न्यायालयाच्या आवारातील एका फलकावर वाचायला मिळाले. वकिलांनी ते आपणहून सांगावे ही अपेक्षा कदाचित भाबडी असेल, पण सांगितले असते तर त्यांच्याबद्दलचा आदर वाढला असता. पेशीच्या आदल्या दिवशी त्यांचा फोन लागत नाही, हेही नमूद करते.

नियम २अ खालील अर्ज अजून प्रलंबित आहे. वकीलपत्र मी बदललेले नाही.