डिस्क अडकलीच नव्हती (आठ महिन्यांनंतर)

आधी कबुली देतो. मैफलीच्या या ब्लू-रे डिस्कपायी मी विक्रेत्याशी तीन आठवडे भांडलो आणि चूक माझी होती.

संगीतकार माहलरची नववी सिंफनी, वाद्यवृंद संचालक क्लाउडिओ अबादो आणि ल्युसर्न फेस्टिव्हल ऑर्केस्ट्रा, ऑगस्ट २०१०. पहिल्यांदा लावली तेव्हा सव्वा तास होऊन गेल्यावर, अगदी शेवटी, आवाज गेला. सभागृह अंधारलेलं, अबादो जागच्या जागी, कुणी हलेना. मी रिमोटचे सेल बदलले, डिस्क काढून पुसली, शेवटी ‘चित्र अडकतं’ अशी तक्रार केली. बदली डिस्क आली, तीही तिथेच अडकली! पहिली परत पाठवायचं कुरियर माझ्याच खिशातून, ते दुखणं वेगळंच.

पुढच्या वेळी बायको शेजारी होती. म्हणाली, "अहो, त्या व्हायोलावाल्याची पापणी लवली की आत्ता." (व्हायोला म्हणजे व्हायोलिनचाच थोरला भाऊ.)

म्हणजे डिस्क चालूच होती. स्वर संपल्यावर दोनएक मिनिटं अख्खं सभागृह टाळी न वाजवता बसलेलं.

साडेतीन हजार मोजून शांतता विकत घेतली म्हणून चिडलो. मग शेवटचं पान नीट ऐकलं. फक्त तंतुवाद्यं, आवाज दबवणारा म्यूट लावलेली. एकेक सूर सुटत जातो, व्हायोलाची शेवटची हालचाल होते आणि स्वरलिपीत अखेरच्या मात्रेवर माहलरने जर्मनमध्ये लिहिलंय: विझत जाणारं. हे त्याने स्वतः कधी ऐकलं नाही. मे १९११ मध्ये तो गेला, संचालक ब्रूनो वाल्टरने व्हिएन्नात ही सिंफनी पहिल्यांदा वाजवली ती जून १९१२ मध्ये. आणि इथे समोर अबादो, २००० साली पोटाच्या कर्करोगातून उठलेले, गाल बसलेले. संपल्यावरही हात लगेच सोडत नाहीत. त्या हातासाठी मी हा शेवट वीसेक वेळा पाहिलाय. मधल्या दोन भागांबद्दल फार बोलत नाही. तिसरा दणदणीत आहे, शेजारी विचारायला आले होते.

एक सूचना. साउंडबारचा (टीव्हीखालच्या लांब स्पीकरचा) ‘नाइट मोड’ बंद करा. तो हळू सूर फुगवतो आणि मोठे दाबतो, मग विझायला उरतंच काय? छताचा पंखाही बंद करावा लागतो, नाहीतर शेवटची चार मिनिटं पंख्याचीच. म्हणून एप्रिलपासून लावलेली नाही.