मैफलीच्या चित्रीकरणाची सेवा : एक अनुभव

सिव्हिल लाइन्समधील डॉ. वसंतराव देशपांडे सभागृहात झालेल्या आमच्या गायनवर्गाच्या कार्यक्रमाचे चित्रीकरण आम्ही नागपुरातील एका व्यावसायिकाकडे सोपवले होते. लग्नाच्या चित्रफिती करत करत मैफलींकडे वळलेला हा दिग्दर्शक संगीत जाणतो, हे मुद्दाम नमूद करावेसे वाटते. तीनपैकी एक कॅमेरा सतत तबल्यावर ठेवण्याचा त्याचा हट्ट मला सुरुवातीला अनाठायी वाटला होता. परंतु विलंबित एकतालात गायिका समेकडे, म्हणजे तालाच्या पहिल्या मात्रेकडे, येताना दृश्य तिच्या चेहऱ्यावर रेंगाळते आणि नेमके समेवर डग्ग्यावरच्या हातावर जाते, तेव्हा त्या हट्टाचे मोल कळते. दिग्दर्शक जोनाथन डेमी यांनी ‘टॉकिंग हेड्स’ या रॉक बँडच्या मैफलीवरील १९८४च्या ‘स्टॉप मेकिंग सेन्स’ या चित्रपटात प्रेक्षकांची दृश्ये जवळपास शेवटपर्यंत टाळली होती, आमच्या दिग्दर्शकानेही तोच संयम पाळला, ही (आमच्या हौशी नातेवाइकांना न रुचलेली) गोष्ट मला मनापासून आवडली.

तक्रार मात्र आहे. आपल्याकडील वीजपुरवठा ५० हर्ट्झचा असल्यामुळे दिव्यांची लुकलुक चित्रात येऊ नये म्हणून कॅमेऱ्याचे शटर सेकंदाच्या एकपन्नासांश किंवा एकशतांश भागावर ठेवावे लागते. एका कॅमेऱ्यावर ते चुकल्याने पूर्वार्धात एलईडी दिव्यांचे काळपट पट्टे पडद्यावरून सरकत राहतात. ध्वनी थेट मिक्सरवरून घेतल्याने स्वर स्वच्छ आले, पण सभागृहासाठी वेगळा माइक न लावल्यामुळे श्रोत्यांची दाद जवळजवळ ऐकूच येत नाही. चित्रफीत ठरल्यापेक्षा तीन आठवडे उशिरा मिळाली. पुढच्या गुरुपौर्णिमेलाही यांनाच बोलावणार आहोत, मात्र दिव्यांची चाचणी आदल्या दिवशी करण्याच्या अटीवर.