दावा चालवायचा, लवादाकडे जायचं की लोकअदालतीत मिटवायचं?

कैफियत (दाव्यावर प्रतिवादीचं लेखी उत्तर) दाखल झाली की पुढच्या एखाद्या तारखेला न्यायाधीश विचारतात, "89 खाली पाठवायचं का?" म्हणजे कोर्टाबाहेर मिटवायला. वकील मागं वळून पक्षकाराकडे बघतात आणि पक्षकार मान हलवतो. आपण कशाला मान हलवली, हे त्याला बऱ्याचदा घरी गेल्यावर कळतं. म्हणून हा हिशेब आधीच मांडून ठेवतो.

उदाहरण साधं घेऊ. दोघा मित्रांचं भागीदारीत हार्डवेअरचं दुकान होतं. भागीदारी मोडली आणि एकाचं म्हणणं असं की दुसऱ्याकडून 15 लाख येणं आहे. दुसरा म्हणतो, "वह्या नीट बघ, तुझ्याकडेच निघतात."

दिवाणी प्रक्रिया संहितेतलं कलम 89 हे 1 जुलै 2002 पासून लागू आहे. लवाद (दोघांनी नेमलेला पंच, त्याचा निवाडा बंधनकारक), सलोखा, लोकअदालत, मध्यस्थी ही सगळी नावं त्यात एका ओळीत आली आहेत, त्यामुळे कोर्टाच्याच चार खोल्या असाव्यात असा समज होतो. न्यू जर्सीत राहणारा भाचा फोनवर त्यात भर घालतो: "मामा, आमच्याकडे कोर्टच लवादाकडे पाठवतं. निवाडा पटला नाही तर 30 दिवसांत नव्यानं खटला मागायचा." त्याचं बरोबर आहे, पण ते तिकडचं. आपल्याकडे कोर्ट लवाद चालवत नाही. कोची बंदराच्या कामावरून झालेल्या अफकॉन्स विरुद्ध चेरियन वर्की या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं 2010 मध्ये हे स्वच्छ सांगितलं. सगळ्या पक्षकारांची संमती असल्याशिवाय न्यायाधीश 89 खाली लवादाकडे पाठवू शकत नाहीत, आणि एकदा पाठवलं की दावा कोर्टाच्या बोर्डावरून कायमचा जातो. मध्यस्थी किंवा लोकअदालत फसली तर तोच दावा होता तिथून पुढं सुरू होतो. लवादाला परतीचं तिकीट नाही. माझ्या मते निवड करताना पहिला प्रश्न हाच, खर्च आणि वेळ त्यानंतर.

भागीदारीपत्रात लवादाचं कलम आधीच असेल तर गोष्ट वेगळी. बहुतेक भागीदारीपत्रांत ते असतंच, कारण टायपिस्टकडच्या जुन्या नमुन्यातून ते उतरत आलेलं असतं आणि सही करताना कुणी वाचत नाही. अशा वेळी 1996 च्या लवाद कायद्याच्या कलम 8 खाली प्रतिवादी अर्ज देऊन दावा लवादाकडे नेऊ शकतो. मात्र अर्ज कैफियतीच्या आधी, फार तर तिच्याबरोबर द्यावा लागतो. आधी कैफियत देऊन मोकळं व्हायचं आणि मग लवाद आठवायचा, हे चालत नाही.

वेळेचं बघू. लवादाला कायद्यानं मुदत घातली आहे: दोन्ही बाजूंचं लेखी म्हणणं 6 महिन्यांत, त्यापुढं निवाडा 12 महिन्यांत, दोघांच्या संमतीनं आणखी 6 महिने. त्याहून जास्त लागले तर कोर्टाची परवानगी काढावी लागते. दिवाणी दाव्याला किती लागतील याचा आकडा कुठलाही प्रामाणिक वकील देणार नाही. मुद्दे निघणार, शपथपत्रं होणार, उलटतपासाच्या दिवशी समोरचे वकील दुसऱ्या कोर्टात अडकलेले असणार.

पण एक गोष्ट लवादाचं गुणगान करणारे सांगत नाहीत. निवाडा हातात आला म्हणजे पैसे आले असं नव्हे. समोरच्यानं आपणहून दिले नाहीत तर निवाड्याचीही कोर्टात दरखास्तच (वसुलीचा अर्ज) लावावी लागते, म्हणजे हुकूमनामावाल्यांच्याच (दावा जिंकून कोर्टाचा आदेश मिळालेल्यांच्याच) रांगेत उभं राहायचं. आपल्या देशात वादीच्या अडचणी हुकूमनामा मिळाल्यावर सुरू होतात, असं लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलनं (ब्रिटिश काळातलं आपलं सर्वात वरचं अपील कोर्ट) 1872 मध्येच म्हणून ठेवलं आहे. दरखास्ती 6 महिन्यांत निकाली काढा, असं सर्वोच्च न्यायालयानं 2021 मध्ये बजावलं. प्रत्यक्षात काय चालतं ते बेलिफाला विचारा.

लवादाच्या बाजूनं एक वजनदार मुद्दा आहे. निवाड्याविरुद्ध अपील नसतं. लवाद कायद्याच्या कलम 34 खाली 3 महिन्यांत तो रद्द करून मागता येतो, तेही मोजक्या कारणांवर, आणि पुरावा नव्यानं तोलून मिळत नाही. 2015 च्या दुरुस्तीनंतर नुसता अर्ज दाखल केला म्हणून वसुली थांबत नाही. स्थगिती मागणाऱ्याला बहुधा रक्कम भरायला किंवा तारण द्यायला सांगितलं जातं. दाव्यात मात्र पहिलं अपील, मग दुसरं. जिंकणाऱ्याला हे ओझं वाटतं, हरणाऱ्याला आधार. तुम्ही यातले कोण असाल, ते कागद बघून थंड डोक्यानं ठरवा.

आता पैसे. कोर्ट फी दाव्याच्या रकमेवर ठरते, न्यायाधीशांचा पगार सरकार देतं. लवादाची फी तुम्हीच द्यायची. लवाद कायद्याच्या चौथ्या परिशिष्टातल्या नमुना दरानं 5 लाखांपर्यंत 45,000, त्यापुढच्या रकमेवर 20 लाखांपर्यंत साडेतीन टक्के. आपल्या 15 लाखांवर 80,000 होतात, आणि लवाद एकटाच असेल तर 25 टक्के वाढून 1 लाख. सहसा ती निम्मी-निम्मी वाटली जाते, पण समोरच्यानं आपला वाटा भरलाच नाही तर काम चालू ठेवायला तोही तुम्हालाच भरावा लागू शकतो. वकील वेगळे. दोन-अडीच लाखांच्या येण्यासाठी मी कुणाला लवाद सुचवत नाही. वह्या तपासायच्या असतील, समोरचा ऐपतदार असेल आणि दोघांच्या विश्वासातला एखादा चार्टर्ड अकाउंटंट लवाद म्हणून मिळत असेल, तर आमच्या हार्डवेअरवाल्यांना लवादच बरा.

प्रकरणात तिसरा माणूस असेल तर मात्र दावाच. दुकानाच्या जागेच्या उताऱ्यावर भावाचं नाव आहे, किंवा माल कुणाला तरी विकून झाला आहे, तर करारावर सही नसलेल्या त्या माणसाला लवाद सहसा बांधू शकत नाही.

मध्यस्थीबद्दल थोडक्यात: कोर्टाच्या केंद्रात ती बहुतेक फुकट असते, तिथं बोललेलं पुराव्यात येत नाही, फसली तर गेले काही आठवडे. व्यापारी वाद 3 लाखांचा किंवा वरचा असेल आणि तातडीचा मनाईहुकूम नको असेल, तर दाव्याआधीच ती सक्तीची आहे.

राहिली लोकअदालत. शनिवारी कोर्टाच्या आवारात मांडव पडतो, टेबलामागं पॅनेल बसतं, पंखा गरगरतो, आणि बँकेचे अधिकारी थकबाकीदारांच्या याद्या घेऊन हजर असतात. मिटलं तर भरलेली कोर्ट फी परत, निवाड्याला हुकूमनाम्याची ताकद, आणि अपील नाही. पण इथं कोण खरं हे कुणी ठरवत नाही. येणं कबूल आहे आणि घासाघीस फक्त हप्त्यांची आहे, तिथं हिच्यासारखी सोय नाही. 15 लाखांचे 11 करून घ्यायला तुमची तयारी नसेल, तर तसं सांगून उठता येतं. दावा तुमची वाट बघत असतो.

तडजोड झालीच तर पुरसिस (तडजोडीच्या अटींचा लेखी कागद) तिथंच लिहिली जाते, घाईत, पुढचा नंबर पुकारला जात असताना. सहीआधी तिच्यात दोन ओळी आहेत का बघा: हप्ता कुठल्या तारखेला, आणि एक जरी चुकला तर उरलेली सगळी रक्कम व्याजासह एकदम वसूल करता येईल. दुसरी ओळ नसेल तर पेन खाली ठेवा आणि ती लिहून घ्या.